देवमन कोणाच्या घरातला

अकोटहून एसटीनं थोडं आत गेलं की जांभोरा लागतं. तिथल्या देवमनचा चेहरा मोठा अजब होता. एकदा पाहिला तर ध्यानात राहत नसे आणि दुसऱ्यांदा पाहिला तर आपल्याच घरातलं कुणीतरी आठवे. नाक धड लांब नाही, धड बसकं नाही. रंग कपाशीच्या वाळल्या पऱ्हाटीचा. मिशी गावातल्या निम्म्या माणसांना होती तशीच. अकोटच्या बाजारात एका बाईनं त्याची बाही धरली आणि भाचीच्या लग्नाला काहून आला नाही म्हणून त्याला भर रस्त्यात फैलावर घेतलं. बाई, मी तुझा भाऊ नव्हे, असं त्यानं सांगून पाहिलं. ती ऐकेना. शेवटी तो म्हणाला, "चुकलं बाप्पा माहं," तेव्हा कुठं तिनं बाही सोडली, आणि वर शेवेचा पुडा हातात दिला. भातकुलीच्या एका न्हाव्यानं तर त्याला मामेसासरा समजून दाढी करून दिली आणि घरच्या म्हशीची खुशालीही विचारली. देवमननं म्हैस गाभण आहे असं सांगून टाकलं. न्हाव्याचा चेहरा फुलला, मग खरं सांगून काय करायचं?

"माह्या तोंडाले मालक नाही," तो म्हणे. "ज्याले पाह्यजे त्यानं वापरावं."

आणि लोकांनी वापरलं.

आमच्याकडं पितरपंधरवड्यात घरोघर पितर जेवू घालतात, हे सांगायला नको. काही घरांत कावळ्यावर भागतं. पण पुष्कळ घरांत जिवंत माणूस लागतो. परक्या घरचा माणूस बोलवायचा, त्याचे पाय धुवायचे, कपाळाला गंध लावायचं, पाटावर बसवायचं आणि जो गेला त्याच्या नात्यानं हाक मारायची. आबा, जेवा. मामा, जेवा. पाटावरच्या माणसानं बोलायचं नाही. वडे, कढी, कोहळ्याची भाजी, खीर, जे वाढतील ते खायचं आणि मागं न पाहता निघून जायचं. आणखी एक नेम होता. जो पाटावर बसतो त्यानं पाळण्यातल्या लेकराला हात लावायचा नाही. लेकरू नुकतं तिकडून आलेलं असतं, आणि याच्या अंगाला तिकडचा वारा लागलेला असतो.

देवमनसारखा पितर सगळ्या तालुक्यात दुसरा नव्हता. पाटावर बसला की म्हाताऱ्या पदर तोंडाला लावत. हुबेहूब, म्हणत. जेवताना डोळे खाली, हात सावकाश, आणि ताटात एक शीत उरत नसे. पुंडलिक गुरव म्हणून एक होता, त्यालाही लोक बसवत. पण तो दुसऱ्यांदा खीर मागे, आणि मेलेल्या माणसानं मागून खावं हे कुणाला बरं वाटत नसे.

सुरुवातीला ही घरं म्हाताऱ्यांची होती. पिकली पानं गळायचीच. मग ती वर्षं आली. बियाणं उगवलं नाही, उगवलं ते वाळलं, कधी कपाशीवर अळी पडली, कधी सोयाबीन उभं पिवळं झालं. त्या वर्षांत देवमनला बोलावणी वाढली, आणि पाटासमोर बसून पाय धुणारे हात लहान होत गेले. काही हात इतके लहान होते की तांब्या उचलायला आईनं खालून धरावा लागे. अशा घरांत भिंतीवर गेलेल्याचा फोटोही नसे, कारण भिंतीवर लावायला फोटो काढून ठेवावा इतकं त्याचं वयच झालेलं नसे. मग कुणी पाहुणा जवळच्या कॅमेऱ्यानं पाटावरच्या देवमनचाच फोटो काढून ठेवी. देवमनला वाटे, आठवण म्हणून काढत असतील. त्याला बोलायची बंदी, म्हणून त्यानं कधी विचारलं नाही.

त्याच्या स्वतःच्या घरात एकच माणूस होतं, पुतणी दामिनी. धाकटा भाऊ सूर्यभान आणि भावजय दोघंही लवकर गेली. देवमननं लग्न केलं नव्हतं. त्यानंच पोरीच्या वेण्या घातल्या, त्यानंच शाळेत नेलं, त्यानंच अमरावतीच्या कॉलेजात घातलं. आता ती बंगळूरला मोठ्या कंपनीत होती. नवरा तिकडचाच, भला माणूस, मराठी दोन शब्द येत, तेही 'चहा' आणि 'बस'. तिला मुलगी झाली. पाच महिन्यांची झाली तेव्हा दामिनीची रजा संपत आली, आणि तिनं देवमनला फोन केला.

"काका, वावर ठोक्यानं द्या कोनाले वाहाले. अन इकडे या कायमचे. पोट्टीले मी पाळणाघरात टाकत नाही."

देवमनला आनंद झाला, आणि लगेच पाळणा आठवला. लेकराला त्यानं अजून हातात घेतलं नव्हतं. बारशाला गेला तेव्हा पाळण्यापासून चार हात लांब बसून राहिला होता आणि गुडघा दुखतो असं सांगितलं होतं.

"मी अडानी मानूस, तठी काय करू?" तो म्हणाला.

"मले वाढवलं ना? तेच करा."

दामिनी कामासाठी सारखी विमानानं फिरे. तिनं विमानतळावरच्या जलद रांगेची मेंबरशिप घेतली होती. चेहरा एकदा नोंदवून ठेवायचा, मग तपासणीच्या लांब रांगेत उभं राहायचं काम नाही. बाजूला वेगळं काचेचं दार असतं, यंत्रापुढं तोंड धरलं की ते उघडतं. त्यात घरची माणसंही जोडता येत. नवऱ्याला तिनं जोडलंच होतं. आता काकाला जोडायचं होतं, कारण काकाचे गुडघे.

"अकोटले नियाजचाचाच्या दुकानात जा. तो फोटो काढून मले पाठोते. दोन मिंटाचं काम हाय."

नियाजचं दुकान अकोटच्या बस स्टँडसमोर. मोबाईल, झेरॉक्स, पासपोर्ट फोटो, लग्नाचे अल्बम. देवमनचा तो शाळेपासूनचा दोस्त. बायको नईमा मागं शिवणकाम करी आणि पडद्याआडून दोघांच्या बोलण्यात बरोबर जागी टाचणी टोची.

"बसा राजे," नियाज म्हणाला. "आज पहिल्यांदा फुकटच्या जेवनाबिगर फोटो काढून राहिले तुमी."

"जरा मिशी दिसू दे."

"मिशीच दिसते. बाकी तोंड शोधा लागते."

फोटो निघाला. नियाजनं दामिनीनं पाठवलेला दुवा उघडून तो चढवला. चाक फिरलं, थांबलं, आणि पडद्यावर तांबड्या चौकटीत ओळ आली. हा चेहरा आधीच दुसऱ्या कुटुंबात जोडलेला आहे.

नियाजनं पुन्हा फोटो काढला. टोपी काढून काढला, खिडकीच्या उजेडात काढला. तीच ओळ आली.

"मशीन बिघडली," देवमन म्हणाला.

"थांबा." नियाजनं पडद्याआडून नईमाला बोलावलं आणि तिचा फोटो चढवला. यंत्रानं तिला बिनतक्रार घेतलं आणि पुढची माहिती विचारली. नियाजनं घाईनं ते रद्द केलं.

"चला," नईमा म्हणाली, "कोठी तं आपली कदर हाय."

पण नियाज हसला नाही. तो देवमनकडं असा पाहत होता, जसा काही तो पहिल्यांदाच दुकानात आला होता. "देवमनभाऊ, सच बताना. तुमचं दुसरं घर हाये का कोठी?"

दामिनीनं तिकडून मेंबरशिपवाल्यांना फोन लावला. तिथल्या मुलीनं आधी काही सांगायला नकार दिला. मग दामिनीनं तिला आपल्या काकाच्या गुडघ्यांची, पोटच्या पोरीची आणि संपत आलेल्या रजेची सगळी कहाणी ऐकवली. ती मुलगी घोटाळून म्हणाली, पण मॅडम, हे गृहस्थ पुंजाराम आहेत ना, श्याम यांचे वडील?

दामिनीनं ते जसंच्या तसं फोनवर सांगितलं. देवमन स्टुलावर बसला होता तो बसूनच राहिला.

"पातूर," तो म्हणाला.

"पुंजाराम कोन?" नियाजनं विचारलं.

"मेलेला मानूस."

"अन तुमी?"

"मी त्याचा पाट."

पातूरची मैनाबाई मूळची जांभोऱ्याची लेक. तिचा नवरा पुंजाराम एका सकाळी वावरात गेला तो तिथूनच गेला. पोरगा श्याम तेव्हा रांगत होता. मैनाबाईच्या भावानं देवमनला पातूरला नेलं आणि पुढं बरीच वर्षं देवमन दर पितरपंधरवड्याला तिथं जाऊन बसला. श्याम शिकला, पुण्याला नोकरीला लागला, आणि देवमनच्या गुडघ्यांनी पातूरचा प्रवास सोडला. संबंध तेवढाच.

सकाळच्या गाडीनं तो अकोल्याला उतरला, पातूरची गाडी धरली आणि दुपारच्या आत मैनाबाईच्या दारात उभा राहिला. विचार करून आला होता. सरळ सांगायचं, पोराला म्हणावं त्या मेंबरशिपमधून माझा फोटो काढून टाक, चहा प्यायचा आणि परत यायचं. चार शब्दांचं काम.

उन्हात अंगण पांढरं पडलं होतं. उंबऱ्याशी पाण्यानं भरलेला तांब्या आणि परात ठेवलेली होती. घरात कुणी आजारी नव्हतं, कुणी पाहुणा नव्हता, आणि पितरपंधरवडा तर केव्हाच सरला होता.

मैनाबाई आतून आली. केस पार पांढरे झाले होते. तिनं पदर डोक्यावर ओढला आणि म्हणाली, "उशीर केला आज."

"वहिनी, मी देवमन."

"पाय पुढं करा."

आता दारात आलेल्या माणसानं काय करावं? देवमननं पाय पुढं केले. पाणी थंड होतं, उन्हातलं नव्हे. तिचे हात सवयीनं फिरत होते. आत पाट मांडलेला, ताट वाढलेलं, वड्यांवरून वाफ निघत होती. समोरच्या भिंतीवर चंदनाचा हार घातलेला फोटो होता. देवमननं पाहिलं. फोटोत पाटावर तो स्वतःच बसलेला होता. तरणा, मिशी काळी, डोळे खाली.

"कोनं सांगतलं मी येऊन राहिलो म्हनून?" त्यानं विचारलं.

"त्याइनं," ती म्हणाली आणि कढी वाढली.

कोणी, हे त्यानं विचारलं नाही. पाटावर बसला. बसला की बोलायचं नाही, हा नेम अंगात इतका मुरलेला, की तोंडाशी आलेले चार शब्द तिथंच राहिले. तो जेवू लागला. मैनाबाई समोर बसली आणि बोलू लागली. पाटावरच्या माणसाशी बायका बोलतातच, त्याला ते नवं नव्हतं.

"श्याम म्हने, माय, तुले दिवाळीले विमानानं नेतो. त्याच्या त्या मेंबरीत माहं नाव घालून राहिला. मी म्हनलं, मी एकटी येत नाही. त्याइचंही घाल. तो म्हने, माय, बाबाचं तिकीट कसं काढू? मी म्हनलं, तिकीट नको काढू बाप्पा, दार तं उघडून ठेव त्याइले. मंग त्यानं हा फोटो घातला." ती थोडी हसली. "घेतला ना मशीननं. म्हने, मानूस बरोबर हाये."

देवमननं घास तोंडात घातला. पाणी प्यायला. उतरला घास, पण बोलावंसं वाटत होतं ते उतरेना. एकीकडं पाटाचा नेम, दुसरीकडं बंगळूरचा पाळणा. इतक्या वर्षांत कुठल्याही पाटावर त्यानं तोंड उघडलं नव्हतं. मेलेला बोलला तर काय होतं, हे कुणीच सांगितलेलं नव्हतं, कारण कुणी करून पाहिलं नव्हतं.

त्यानं घास ताटात ठेवला.

"मैना," तो म्हणाला, आणि आपण वहिनी म्हणणार होतो हे त्याला बोलून झाल्यावर कळलं. "मले जाऊ दे आता."

मैनाबाईच्या हातातला वाढायचा चमचा तसाच राहिला.

"पोरीच्या घरी लेकरू हाये," तो म्हणाला. "मले तठी जा लागते. तुह्या घरात माहं नाव अडकलं तं मले तठी जाता येत नाही. श्यामले सांग, काढ म्हना."

मग तिनं तो ताटाशेजारी ठेवला.

"त्या दिवशी काही न सांगता गेले," ती म्हणाली. "सकाळी भाकर बांधून देल्ली, ती घेतली अन गेले. मी मांगून हाक मारली तं मांगं वयून पाह्यलं नाही. आज सांगून चाल्ले?"

देवमननं मान डोलावली.

"मंग जा," ती म्हणाली. उठली, कोनाड्यातला मोबाईल घेतला, डोळ्यांपासून लांब धरून नंबर लावला. "श्याम, ऐक. तुह्या बापाले काढ त्याच्यातून. नाही रे, रागावून नाही. ते मले सांगून चालले. आता मी येतो एकटी. हो, काढ."

देवमन हात धुवायला मोरीपाशी वाकला. उठताना नजर भिंतीवर गेली. चौकट तीच, हार तोच, पाटही तोच. आत बसलेला माणूस मात्र देवमन नव्हता. कपाळ अरुंद, समोरच्या दातांत फट, आणि डोळे वर उचललेले. पुंजारामला देवमननं जिवंतपणी कधी पाहिलं नव्हतं. पण फट पडलेल्या दातांचा श्याम त्यानं लहानपणी पाहिला होता, ताट घेऊन समोर उभा राहिलेला.

तो मागं न पाहता निघाला. अकोल्यापर्यंतच्या गाडीत शेजारचा माणूस त्याला दोनदा 'कोठं चालले' म्हणून विचारत होता. देवमन उत्तर द्यायच्या आधी खिडकीच्या काचेत आपलं तोंड पाहून घेत होता.

दुसऱ्या दिवशी नियाजनं फोटो पुन्हा चढवला. या वेळी चाक फिरलं आणि पुढं गेलं. नियाजनं मोठा श्वास सोडला. नईमानं पडद्याआडून चहा पुढं केला. पण काम संपलं नव्हतं, यंत्रानं नातं विचारलं होतं. निवडायला पती, पत्नी, आई, वडील, मुलगा, मुलगी एवढंच होतं.

"यात काका नाही," नियाज म्हणाला.

"काका काहून नाही?"

"ज्यानं बनवलं त्याले काका नसन. आता काय करू?"

फोन चालूच होता. पलीकडून दामिनी म्हणाली, "चाचा, वडील लिहा. तेच तं हायेत."

देवमन नको म्हणेपर्यंत नियाजचं बोट पडलं होतं. हिरवी खूण उमटली. देवमन स्टुलावरून उठला, आणि चहाचा कप तिथंच सोडून रस्त्यावर येऊन उभा राहिला.

त्याचं असं झालं होतं. ज्या साली सूर्यभान गेला, त्या पितरपंधरवड्यात त्याच्या पाटावर बसायला गावात माणूस मिळेना. घरोघर ज्याचं त्याला पुरून उरलं होतं. पुंडलिक गुरव सोयऱ्याकडं गेलेला. उरला देवमन, आणि तो तर घरचाच, सख्खा भाऊ. घरच्या रक्तानं बसायचं नसतं. परक्याच्या पाटावर बसला तर माणूस बसला तसा उठतो, पण आपल्या रक्ताच्या पाटावरून कोण उठलं ते सांगता येत नाही, असं जुनी माणसं म्हणत. पण दारात सात वर्षांची दामिनी तांब्या धरून उभी होती आणि तिचा बाप उपाशी जाणार होता. देवमन बसला. तिनं पाय धुतले, गंध लावलं, म्हणाली, बाबा, जेवा. तो जेवला.

दुसऱ्या दिवशी सूर्यभानचा पांढरा बैल, जो सूर्यभानखेरीज कुणाच्या हातची वैरण खात नव्हता, तो देवमनच्या हातून मुकाट खाऊ लागला. गावाला बरं वाटलं. देवमनला नाही. तेव्हापासून कधी कधी सकाळी उठल्यावर तो खाटेवर थोडा वेळ बसून राही आणि आपण कोण आहोत याची वाट पाही.

आणि आता त्याच पोरीनं पुन्हा त्याच जागी बसवलं होतं. या वेळी एका जेवणापुरतं नाही. त्या काचेच्या दारातून जाईल तो सूर्यभान होऊन जाईल, आणि मग तिकडं पाळण्यापाशी जे हात पुढं होतील ते कोणाचे?

दामिनी लेकराला घेऊन त्याला न्यायला आली तेव्हा त्यानं तिला हे सगळं सांगितलं. पोरगी शिकलेली. हसेल, असं त्याला वाटलं होतं. ती हसली नाही. तिनं लेकराला मांडीवर घेतलं.

"मले आठोते ते जेवन," ती म्हणाली. "तुमी डाव्या हातानं पानी प्याले होते. बाबा प्यायचे तसं."

हे देवमनला माहीत नव्हतं.

"मी त्या दारानं येत नाही," तो म्हणाला. "मी मोठ्या रांगेत उभा राहीन. तठी देवमन म्हनून जाईन, नाही तं जांभोऱ्याले वापस येईन. तू काढून टाक माहं नाव."

"गुडघे?"

"गुडघे माहेच हायेत. तेवढं पक्कं."

नियाज त्यांना मोटारीनं विमानतळाच्या दारापर्यंत सोडायला आला. निघताना देवमनला म्हणाला, "जाऊन फोटो पाठवा. नाही तं मी वळखनार नाही." मग गळ्यात पडला आणि सोडायला विसरला.

आत लखलखीत फरशी, थंडगार हवा आणि माणसांची नागमोडी रांग. तिच्या बाजूला थोड्या अंतरावर जलद रांगेचं काचेचं दार होतं. तिथं कुणी नव्हतं. गणवेशातली एक बाई तिथल्या खुर्चीवर बसून जांभई देत होती. दामिनीनं पुन्हा एकदा त्या दाराकडं पाहिलं.

"तू जा तिकडून पोट्टीले घेऊन," देवमन म्हणाला.

"मी तुमच्यासंग उभी राहतो."

"हट्टी."

"कोनं वाढवलं?"

रांग गोगलगायीसारखी सरकत होती. देवमनच्या गुडघ्यात कळ येत होती, आणि प्रत्येक कळेगणिक त्याला जरा बरं वाटत होतं. लेकरू दामिनीच्या खांद्यावर मान टाकून जागं होतं. मधेच त्यानं मान उचलली आणि काचेच्या दाराकडं पाहू लागलं.

दार उघडलं.

खुर्चीवरच्या बाईनं वर पाहिलं. दारापुढं कुणी उभं नव्हतं. एक माणूस सावकाश चालत जाईल इतका वेळ ते उघडं राहिलं, मग मिटलं. बाई उठली, यंत्रावर हात फिरवला, इकडंतिकडं पाहिलं आणि सहकाऱ्याला काहीतरी ओरडून सांगितलं. त्यानं खांदे उडवले.

दामिनीच्या हातातला मोबाईल थरथरला. तिनं वाचलं. दुसऱ्यांदा वाचलं. मग काही न बोलता तो देवमनपुढं धरला. देवमनला चष्म्याशिवाय दिसेना, म्हणून तिनंच हळू आवाजात वाचून दाखवलं.

"तुमच्या कुटुंबातील सदस्य, नातं वडील, आत गेले आहेत."

"तू नाव काढलं नव्हतं?"

"नाही," दामिनी म्हणाली. "माह्यानं झालं नाही."

देवमन काचेच्या दारापलीकडं पाहत राहिला. तिथं माणसं पट्टे बांधत होती, पिशव्या उचलत होती, सगळी अनोळखी. त्याच्या छातीतलं काहीतरी, जे इतकी वर्षं दाटून बसलं होतं आणि ज्याला तो वय समजत होता, ते सैल झालं होतं. रिकाम्या घरात शिरल्यावर वाटतं तसं त्याला एक क्षण वाटलं. मग गुडघ्यात कळ आली.

"गेला का?" त्यानं विचारलं.

"गेले," दामिनी म्हणाली. तिचा आवाज लहान पोरीचा झाला होता.

"बरं झालं. त्याले रांगेत उभं राहाची सवयच नव्हती. राशनच्या दुकानातही मलेच पाठवे." त्यानं पिशवी खाली ठेवली, दोन्ही तळहात धोतराला पुसले आणि पुढं केले. "आन तिले इकडे. तू दमली."

दामिनीनं लेकराला त्याच्या हातात दिलं. देवमननं ते आधी दूर धरलं, मग जवळ घेतलं, मग छातीशी. लेकरानं त्याच्या मिशीचा एक केस पकडला आणि ओढून पाहिला. मागच्या माणसानं पुढं सरका म्हणून सांगितलं. तो सरकला.

तपासणीच्या चौकटीपाशी जवानानं लेकरू आईकडं द्यायला सांगितलं, चप्पल काढायला सांगितली, कंबरेचा चांदीचा करदोडा वाजला म्हणून पुन्हा उभं केलं. देवमननं सगळं ऐकलं. पलीकडं गेल्यावर सगळ्यात आधी त्यानं पोरगी परत मागून घेतली. चपला दामिनीनं आणल्या.